बुजवलेल्या विहिरी

आमच्या वाडीतल्या विहिरीचं पाणी मी विकलेलं आहे. नव्वदच्या दशकातली गोष्ट. स्टेशनच्या बाजूला इमारती उठत होत्या. त्यांना पाणी नव्हतं, आमच्या विहिरीला होतं. संध्याकाळी टँकर यायचा, पाइप विहिरीत पडायचा, तासभर मोटर चालायची आणि हातावर रोख पैसे. भाजीत एवढं कधीच सुटत नसे. भाजीसाठी पहाटे अंधारात खुडणी करा, धुवा, जुड्या बांधा, टोपल्या घेऊन पहिली लोकल गाठा, दादरला दलालाशी हुज्जत घाला. पाण्याला यातलं काहीच नको. दोन उन्हाळे आम्ही विकलं. तिसऱ्या उन्हाळ्यात शेजाऱ्याच्या पानवेली पिवळ्या पडल्या. त्याची विहीर मचूळ झाली होती. त्यानं आयुष्यात कधी एक बादली पाणी विकलं नव्हतं. तो भांडायला आला नाही. त्यानं वेली उपटल्या, मांडव मोडला आणि पोराला एका कारखान्यात कामाला लावलं. पुढच्या वर्षी आमचीही विहीर मचूळ झाली.

त्या काळात मी नेमानं कुमसारला, म्हणजे पापकबुलीला, जात होतो. धर्मगुरूंपुढे गुडघे टेकून राग सांगितला, खोटं बोलणं सांगितलं, रविवारची मिस्सा चुकवल्याचं सांगितलं. पाण्याचं कधीच सांगितलं नाही. लपवलं असंही नाही. ते पाप असू शकतं हे डोक्यातच आलं नाही. विहीर माझी, मोटर माझी, विजेचं बिल माझं. चोरी कुणाची केली?

वसईतल्या आणि वसईबाहेरच्याही ख्रिस्ती बंधुभगिनींनो, हे आवाहन मी या प्रश्नापासून सुरू करतो, कारण त्याचं उत्तर मला फार उशिरा मिळालं. ते आधी जमिनीखालून मिळालं आणि मग बायबलमधून.

जमिनीखालचं उत्तर असं. समुद्रकाठच्या गावात पावसाचं मुरलेलं गोडं पाणी खाली शिरलेल्या खाऱ्या पाण्यावर तरंगत असतं. खारं पाणी जड, गोडं हलकं, पण दोन्हींत फरक फार थोडा, म्हणून ती समतोलाची गोष्ट नाजूक. भूजलाचा अभ्यास करणारे ढोबळ हिशोब सांगतात: गोड्या पाण्याची पातळी समुद्रसपाटीच्या १ मीटर वर असेल, तर खाली सुमारे ४० मीटरपर्यंत गोडं पाणी टिकून राहतं. म्हणजे उपसा करून वरची पातळी १ मीटरनं उतरवली, की खालून खारं पाणी ४० मीटर वर चढायला मोकळं होतं. मी वरून दोन हात पाणी काढलं असं मला वाटत होतं. खाली समुद्र किती वर आला, ते दिसत नव्हतं. आणि तो समुद्र काही माझ्या बांधापाशी येऊन थांबत नाही. सातबाऱ्यावर विहिरीची नोंद असते, पाण्याची नसते. मी विकलेल्या पाण्यात शेजाऱ्याचं पाणी होतं. कुमसारात सांगायला हवं होतं ते हेच.

आता बायबलमधलं. उत्पत्तीच्या पुस्तकाचा २६वा अध्याय आज घरी काढून वाचा, अशी माझी पहिली विनंती आहे. उपदेशात तो फारसा येत नाही. अब्राहामाचा यज्ञ येतो, याकोबाची शिडी येते, मधला इसहाक तसा गप्प माणूस, त्याच्यावरून आपण पुढे जातो. पण शेतकऱ्यानं वाचावा असा तो अध्याय आहे. देशात दुष्काळ पडलेला. इसहाक गरारात राहतो, पेरणी करतो आणि त्याच वर्षी त्याला शंभरपट पीक येतं. पलिष्ट्यांच्या डोळ्यांत ते खुपतं. ते काय करतात? त्याचं पीक जाळत नाहीत, गुरं पळवत नाहीत. त्याच्या बापानं, अब्राहामानं, खणलेल्या विहिरी माती टाकून बुजवतात. स्वतःला पाणी हवं म्हणूनही नव्हे. पाणीच नसलं की माणूस आपोआप उठून जाईल, म्हणून.

इसहाक खरोखर उठतो आणि खोऱ्यात जाऊन राहतो. तिथे तो बापाच्या वेळच्या बुजलेल्या विहिरी पुन्हा उपसतो आणि बापानं त्यांना दिलेली नावं पुन्हा तीच ठेवतो. मग त्याचे चाकर नवी विहीर खणतात. जिवंत झरा लागतो आणि तिथले गुराखी भांडायला येतात. इसहाक त्या विहिरीला भांडणाचंच नाव देऊन पुढे सरकतो. दुसरी खणतो, तिच्यावरूनही वैर होतं, तिलाही तसंच नाव मिळतं. तिसऱ्या विहिरीवर कुणी भांडत नाही. तिचं नाव रहोबोथ, म्हणजे ऐसपैस जागा. पुढे ज्यांनी त्याला हाकललं होतं त्यांचा राजा अबीमलेख समेट करायला येतो. इसहाक त्यांना जेवू घालतो, सकाळी आणाभाका होतात आणि त्याच दिवशी चाकर धावत येऊन सांगतात, पाणी लागलं.

वसईच्या माणसाला ही गोष्ट परकी वाटायचं कारण नाही. आपल्या वाडवडिलांनी वाड्यांतून बावखलं खणली. मुंबईपुण्याच्या वाचकांसाठी सांगतो: बावखल म्हणजे वाडीतलं मोठं खोदलेलं तळं. पावसाचं पाणी त्यात साठायचं, हिवाळाभर केळीला, भाजीला, फुलझाडांना पुरायचं, आणि मुरत मुरत आसपासच्या विहिरी जिवंत ठेवायचं. रहाट गेले, मोटरी आल्या, तरी बावखलं राहिली होती. मग जमिनीला भाव आला. रात्री डंपर येतो, पाडलेल्या इमारतींचा राबिट ओततो, चार रात्रींत बावखल सपाट होतं आणि पाचव्या दिवशी तिथे प्लॉट असतो. पलिष्टी बाहेरून आले होते. आपल्या बावखलात राबिट टाकायला डंपर येतो तेव्हा वाडीचं फाटक उघडणारा हात बहुतेक वेळा घरचाच असतो.

हे लिहिताना मी जमीन विकणाऱ्या प्रत्येकाला दोष देत नाही. ज्याच्या भाजीला भाव नाही, ज्याच्या मुलीचं लग्न अडलंय, आजारपणात ज्याचं घर धुऊन निघालंय, त्याच्यापुढे उभं राहून नीतीचे धडे देणं मला जमणार नाही. मी फक्त एवढं म्हणतो की विकण्याआधी त्यानं बावखल बुजवू नये, आणि ज्यांना विकायची गरज नाही त्यांनी लोभापायी बुजवू नये. ९ आणि १० जुलै २०१८ ला वसई-विरार पाण्याखाली गेलं, लोकल बंद पडल्या, मिठागरातले लोक अडकले, हे आपण सगळ्यांनी पाहिलंय. एवढं पाणी कुठून आलं, असं तेव्हा जो तो विचारत होता. ते नेहमीच येत होतं. त्याच्या बसायच्या जागा आपण काढून घेतल्या होत्या.

एक आरोप ख्रिस्ती माणसानं ऐकून घेतला पाहिजे. १९६७ साली लिन व्हाइट नावाच्या अमेरिकन इतिहासकारानं 'सायन्स' या नियतकालिकात एक लेख लिहिला. त्याचं म्हणणं असं की निसर्गाच्या आजच्या संकटाचं एक मूळ पाश्चात्त्य ख्रिस्ती विचारात आहे; माणसानं पृथ्वीवर सत्ता चालवावी हे बायबलच्या पहिल्याच पानावर लिहिलंय आणि या माणसांनी ते अक्षरशः घेतलं. या लेखाला पुष्कळ उत्तरं दिली गेली. पण मला वाटतं, आधी मान खाली घालून कबूल करावं की त्यात तथ्य आहे. सत्ता हा शब्द आपल्याला गोड लागला. त्यावर आपण थांबलो आणि पान उलटलं नाही.

पान उलटलं की दुसरा अध्याय येतो. देव माणसाला बागेत ठेवतो आणि त्याला दोन कामं सांगतो. मूळ हिब्रू भाषेत त्यासाठी दोन क्रियापदं आहेत, 'आवाद' आणि 'शामार'. 'आवाद' म्हणजे मशागत करणं, पण त्याचा नेहमीचा अर्थ सेवा करणं, चाकरी करणं. देवाच्या उपासनेसाठीही तोच शब्द येतो. 'शामार' म्हणजे राखणं. देव तुला राखो, असा आशीर्वाद गणनेच्या पुस्तकात याजक देतात, तिथेही हाच शब्द आहे. देवानं आपल्याला जसं राखावं असं आपण मागतो, तसं आपण बागेला राखायचं. आपल्याकडे राखण करणाऱ्याला राखणदार म्हणतात. शेत त्याचं नसतं. पण पाखरं आली, गुरं शिरली, चोर आले तर जबाब त्यालाच द्यावा लागतो.

आणि ही नुसती सुंदर कल्पना म्हणून बायबल सोडून देत नाही, त्याचे नियम करून ठेवते. लेवीयच्या २५व्या अध्यायात दर सातव्या वर्षी जमीन पडीक ठेवायची आज्ञा आहे. त्या वर्षी आपोआप उगवेल ते मालकाचं, चाकराचं, उपऱ्याचं, गुराढोरांचं आणि रानातल्या जनावरांचंही. त्याच अध्यायात देव स्पष्ट बजावतो की जमीन कायमची विकायची नाही, कारण ती त्याची आहे. आपल्या भाषेत सांगायचं तर आपण कुळं आहोत, जमीन कसणारे, मालक वेगळा. अनुवादाच्या पुस्तकात युद्धाचा नियम आहे: शहराला कितीही दिवस वेढा पडला तरी फळझाडं तोडायची नाहीत. आणखी दोन पानांवर, घरट्यात पिलांवर बसलेली पक्षीण सापडली तर तिला सोडून द्यायचं. केवढा बारकावा! ज्या देवाला घरट्यातल्या पक्षिणीची आठवण राहते, त्याला आपल्या तळ्यातल्या बगळ्याची राहणार नाही का?

काही प्रामाणिक भाविक मला विचारतात की हे जग तर नष्टच होणार आहे, नवं आकाश आणि नवी पृथ्वी येणार आहे, मग या जुन्या पृथ्वीची डागडुजी कशाला? त्यांना माझं सांगणं की नोहाचा करार पुन्हा वाचा. तो देवानं फक्त माणसांशी केलेला नाही, तारवातून उतरलेल्या प्रत्येक सजीवाशी केलाय, आणि ते तिथे पुनःपुन्हा सांगितलंय. पौलानं रोमकरांना लिहिलं की सगळी सृष्टी प्रसववेदनांनी कण्हते आहे आणि सुटकेची वाट पाहते आहे. वेणा देणाऱ्या बाईला कुणी टाकून जात नाही.

आता माणसांविषयी, कारण वचनं सगळ्यांकडे असतात. आपल्याला दोन माणसं मिळाली.

पहिले आपलेच, नंदाखालचे, फादर फ्रान्सिस दिब्रिटो. 'सुवार्ता' मासिकाचे ते संपादक होते, १९८३ पासून २००७ पर्यंत. ऐंशीच्या दशकाच्या शेवटी वसईचा हरितपट्टा बांधकामाला खुला होऊ लागला, टँकर चालू झाले, गुंडगिरी वाढली. तेव्हा हरित वसई संरक्षण समितीतून हा धर्मगुरू लोकांबरोबर रस्त्यावर उतरला. धर्मगुरूनं चर्चमध्ये बसावं, मोर्चे काढू नयेत, असं तेव्हा बोलणारे बाहेरचे होते आणि आपल्यातलेही होते. धमक्याही आल्या. ते मागे फिरले नाहीत. त्या मोर्चांत हिंदू होते, मुसलमान होते, ख्रिस्ती होते, कारण विहिरी सगळ्यांच्याच आटत होत्या. जानेवारी २०२० मध्ये उस्मानाबादला मराठी साहित्य संमेलनाच्या अध्यक्षपदी तेच बसले, याचा आपल्याला अभिमान वाटला, टाळ्या वाजवल्या. २५ जुलै २०२४ ला ते गेले, तेव्हा आपण मोठ्या गर्दीनं निरोप दिला. आता त्यांचं राहिलेलं काम करायचं, की त्यांचं नाव एखाद्या चौकाला देऊन मोकळं व्हायचं?

दुसरे फादर हर्मन बाखर. स्वित्झर्लंडचे जेझुइट. अहमदनगर, आताचं अहिल्यानगर, हा त्यांनी आपला जिल्हा मानला आणि आयुष्यातली बरीच वर्षं तिथे काढली. दुष्काळात धान्य वाटण्याचं काम मिशनऱ्यांनी पिढ्यान् पिढ्या केलं होतं. बाखरांना दिसलं की दुष्काळ दर काही वर्षांनी परत येणार, आणि प्रत्येक वेळी धान्य वाटत बसण्यात माणसाचा मानही राहत नाही. पाऊस कमी आहे हे खरं, पण जो पडतो तो उघड्या डोंगरावरून माती घेऊन धावत निघून जातो. म्हणून काम डोंगराच्या माथ्यापासून सुरू करून पायथ्याकडे यायचं: वर समतल चर, झाडं, गवत, मग शेताचे बांध, सगळ्यांत शेवटी ओढ्यावरचे बंधारे. त्यांच्या पुढाकारातून भारत-जर्मन पाणलोट कार्यक्रम उभा राहिला, आणि १९९३ मध्ये 'वॉटरशेड ऑर्गनायझेशन ट्रस्ट' ही संस्था. संगमनेर तालुक्यातलं दरेवाडी हे त्या कामातलं ठळक गाव. टँकरची वाट पाहणाऱ्या गावात विहिरींना पाणी आलं.

मला या कामात सगळ्यांत महत्त्वाचं वाटतं ते असं की पैसा आधी आला नाही. आधी गावानं श्रमदान करायचं, कुऱ्हाडबंदी आणि चराईबंदी एकमतानं मान्य करायची, मग बाकीचं. आणि चराईबंदीचा पहिला भार मेंढपाळावर आणि भूमिहीनावर पडतो, जमीनदारावर नाही, हे विसरून चालत नाही. त्यांना विचारात घेतल्याशिवाय हिरवा केलेला डोंगर फार दिवस हिरवा राहत नाही. झाडं लावणं सोपं आहे. गाव एका सतरंजीवर बसवणं अवघड.

नगर, सोलापूर, जालना भागातल्या ख्रिस्ती बांधवांना हे माझ्याहून जास्त कळतं. तुमच्यापैकी अनेकांच्या आजोबा-पणजोबांना गावविहिरीवर घागर बुडवायची मनाई होती. वरून कुणी ओतेल तेव्हा पाणी मिळायचं. २० मार्च १९२७ ला महाडला डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी चवदार तळ्याचं पाणी ओंजळीत घेतलं, ते काय होतं हे तुम्हाला कुणी समजावून सांगायला नको. शोमरोनी बाईची गोष्टही तुम्हाला वेगळी लागते. भर दुपारी येशू याकोबाच्या विहिरीपाशी बसलाय आणि जिच्या भांड्याचा त्याच्या जातभाईंना विटाळ, तिच्याकडेच तो पाणी मागतो. ज्यांच्या पूर्वजांना पाणी नाकारलं गेलं, त्यांच्या गावात आज कुणाला पाणी नाकारलं जात असेल, तर ते ओळखणारे पहिले डोळे तुमचे असायला हवेत. आणि आज ते बोअरनं नाकारलं जातं. ज्याच्याकडे पैसा आहे तो पाचशे, सातशे फूट खाली जातो, आणि ज्याची चाळीस फुटांची विहीर आहे त्याचा झरा बंद होतो. मी टँकरनं केलं तेच हे, फक्त यंत्र वेगळं.

मग करायचं काय?

१ सप्टेंबर ते ४ ऑक्टोबर हा काळ अनेक ख्रिस्तसभा सृष्टीचा काळ म्हणून पाळतात. १ सप्टेंबर हा सृष्टीसाठी प्रार्थनेचा दिवस ऑर्थोडॉक्स ख्रिस्तसभेच्या प्रमुखांनी १९८९ मध्ये ठरवला, आणि पोप फ्रान्सिस यांनी २०१५ मध्ये तो कॅथलिकांसाठीही स्वीकारला. त्याच वर्षी त्यांचं 'लाउदातो सी' हे परिपत्रक आलं. ४ ऑक्टोबर हा असिसीच्या संत फ्रान्सिसचा सण. याच दिवसांत आपला आगेराही येतो. भाताची नवी कणसं वाजतगाजत चर्चमध्ये आणतो, धर्मगुरू आशीर्वाद देतात. पण आता कणसं आणायची कुठून, हा प्रश्न पडतो. कित्येक धर्मग्रामांत ती दुसऱ्या तालुक्यातून मागवावी लागतात. आगेऱ्याला आशीर्वाद द्यायला आपल्या मातीतलं कणीस नाही, याचं वाईट वाटायला हवं.

या पाच आठवड्यांत प्रत्येक धर्मग्रामानं, प्रत्येक मंडळीनं एकच काम करावं: आपल्या हद्दीतल्या सगळ्या विहिरींची आणि तळ्यांची यादी. बुजलेल्यांसकट. शाळकरी मुलांना वह्या द्या आणि म्हाताऱ्यांकडे पाठवा. विहिरींना नावं असतात, चिंचेखालची, अमक्याच्या आजीची, पाटावरची. ती नावं इसहाकासारखी जशीच्या तशी लिहून घ्या. ज्या म्हाताऱ्याला ती माहीत आहेत, तो पुढच्या सप्टेंबरात असेलच असं नाही. प्रत्येक विहिरीपुढे लिहा: पाणी गोडं, मचूळ की खारं, मे महिन्यात किती हात उरतं, बुजवली असल्यास कधी. जे बावखल किंवा तळं सरकारी किंवा गावाच्या मालकीचं असेल, त्याचा सातबारा काढा. २०११ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं जगपालसिंग विरुद्ध पंजाब राज्य या खटल्यात गावतळ्यांसारख्या गावाच्या सामाईक जमिनींवरची अतिक्रमणं हटवण्याची योजना आखण्याचा आदेश सगळ्या राज्यांना दिलेला आहे. तो निकाल हातात घेऊन तहसीलदाराकडे जाता येतं. एकट्यानं जाऊ नका, आणि फक्त ख्रिस्ती म्हणूनही जाऊ नका. शेजारच्या आळीतले देवळाचे विश्वस्त, मशिदीचे लोक, सगळ्यांना घेऊन जा. इसहाकाला पाणी लागलं ते समेट झाला त्याच दिवशी.

दुसरं काम चर्चच्या छपराचं. हिशोब करू. समजा चर्चचं छप्पर ३० मीटर लांब आणि १५ मीटर रुंद, म्हणजे ४५० चौरस मीटर. आपल्या किनाऱ्यावर वर्षाला साधारण २,००० मिलिमीटर पाऊस धरला, तर त्या छपरावर ९ लाख लिटर पाणी पडतं. पाचवा हिस्सा वाया गेला असं धरलं तरी ७ लाख २० हजार लिटर उरतं. दहा हजार लिटरचे ७२ टँकर! हे पाणी आज पन्हळीतून गटारात जातं. नगरकडच्या छोट्या मंडळीचं छप्पर २० बाय १० मीटर आणि पाऊस ५०० मिलिमीटर धरा, तरी ८० हजार लिटर, आठ टँकर. पन्हळ, पाइप, खडी-वाळूची गाळणी आणि जवळची विहीर, एवढंच लागतं. पहिल्या दोन-तीन पावसांचं पाणी बाहेर सोडायचं, कारण छपरावर पाखरांची घाण असते. संडासाच्या टाकीपासून विहीर दूर हवी. प्लंबर आपल्याच मंडळीत सापडतो. खर्च एका सणाच्या रोषणाईइतकाही येत नाही.

आणि चर्चच्या आवारात पेव्हर ब्लॉक बसवू नका. हे मी हात जोडून सांगतो. चिखल नको म्हणून आपण सगळं आवार झाकून टाकलं. पाणी मुरायला गावात जी एक मोठी मोकळी जागा उरली होती, ती आपणच बंद केली. जिथून शवपेटी जाते, जिथून म्हातारी माणसं चालतात, तेवढी पायवाट बांधा. बाकी मातीला आकाश दिसू द्या. दफनभूमीतही प्रत्येक थडग्याभोवती फरशी घालण्याची अहमहमिका चाललीय. आपल्या मृतांवर झाडाची सावली असावी. संत फ्रान्सिसच्या जुन्या चरित्रात अशी आठवण आहे की तो बंधूंना सरपणासाठी झाड मुळापासून तोडू देत नसे, फुटवा येईल एवढा बुंधा राखायला लावी, आणि माळ्याला सांगे की सगळी बाग भाजीनं भरू नकोस, कडेचा एक पट्टा रानफुलांसाठी सोड. आठशे वर्षांपूर्वीच्या गरीब साधूला जे परवडलं, ते आपल्या धर्मग्रामांना परवडेल.

नाताळचा गोठा थर्माकोलऐवजी पेंढ्याचा, सणाच्या जेवणाला केळीची पानं. हे सगळेच सांगतात. करावं, आणि पुढे जावं. प्लास्टिकचा पेला न वापरल्यानं मनाला बरं वाटतं, आणि त्या बरं वाटण्यात बावखल बुजलेलं लक्षात येत नाही.

त्याहून अवघड काम आपल्या मोठ्या संस्थांचं. ख्रिस्ती ट्रस्टांकडे, धर्मप्रांतांकडे, जुन्या मिशनांकडे महाराष्ट्रभर जमिनी आहेत. त्यांतल्या किती विकल्या, कुणाला विकल्या, तिथल्या विहिरींचं काय झालं, हे विश्वासू लोकांनी विचारलं पाहिजे. रागानं नाही, घरचा माणूस घरात विचारतो तसं. वार्षिक सभेत उठून विचारा. आपल्या घरचं छप्पर गळत असताना सरकारला उपदेश करायचा नैतिक अधिकार आपल्याला उरत नाही.

धर्मगुरूंना आणि पाळकांना एक विनंती. येत्या उपवासकाळात आत्मपरीक्षणाचे जे प्रश्न तुम्ही वाचून दाखवता, त्यांत तीन घाला. मी शेजाऱ्याचं पाणी घेतलं का? मी पाण्याची वाट अडवली का? माझ्या फाटकातून राबिटाचा डंपर आत आला का? मला तेव्हा कुणी हे विचारलं असतं, तर कदाचित मी दुसरा उन्हाळा विकला नसता.

माझा शेजारी गेला त्याला बरीच वर्षं झाली. त्याचा मुलगा आता निवृत्त होऊन वाडीत परत राहायला आलाय. गेल्या वर्षी मी त्याच्याकडे जाऊन सगळं सांगितलं. तो बराच वेळ काही बोलला नाही. मग म्हणाला की आमच्या दोघांच्या बांधावर जे जुनं बावखल आहे, अर्धं आम्हीच घरच्या कचऱ्यानं आणि फुटक्या कौलांनी भरलेलं, ते उपसू. मी पैसे देतो म्हणालो. तो म्हणाला, पैसे नकोत, फावडं घेऊन ये.

पहिल्या उन्हाळ्यात आठ हात खणलं. खाली जुन्या दगडी पायऱ्या लागल्या, त्या तिथे आहेत हे आम्हा दोघांनाही माहीत नव्हतं. पावसात पाणी भरलं. डिसेंबरमध्ये त्यात खंड्या येऊन बसला. विहिरीचं पाणी अजून मचूळच आहे. ते गोडं व्हायला वर्षं लागतील, माझ्या हयातीत होईल की नाही, देव जाणे. त्या बावखलाला काय म्हणायचे ते आम्ही एका नव्वदीच्या म्हातारीला विचारलं. तिला आठवत होतं. आम्ही तेच नाव खडूनं फळीवर लिहून काठावर लावलंय.

ईस्टरच्या दुसऱ्या दिवशी, सोमवारी, सकाळी सहाला राहिलेला भाग उपसायला घेणार आहोत. घमेली आमच्याकडे आहेत. फावडी कमी पडतात.